इसार दुप्पट की जमीनच हवी? फिरवलेल्या शब्दाचा नऊशे वर्षांचा इतिहास

१/
परभणी, पाथरी, जिंतूर, गंगाखेड. गाव कोणतेही असो, जमिनीचा सौदा बहुधा एकाच क्रमाने पुरा होतो. आधी बोलणी, मग इसारपावती किंवा साठेखत आणि काही महिन्यांनी खरेदीखत. मधल्या काळात भाव वाढला आणि मालकाने शब्द फिरवला, तर घेणाऱ्याला काय मिळावे? पैसे, की तीच जमीन? या प्रश्नाच्या उत्तराचा हा प्रवास. 🧵

२/
इ.स. ११०० च्या सुमारास कल्याणीच्या चालुक्यांच्या राजधानीत (आजचे बसवकल्याण, जिल्हा बीदर) विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्य स्मृतीवर 'मिताक्षरा' ही टीका लिहिली. सौदा पक्का केल्याची खूण म्हणून दिलेल्या वस्तूला, म्हणजे इसाराला, तेथे 'सत्यंकार' म्हटले आहे. खूण म्हणून अंगठी दिली आणि देणाराच फिरला, तर अंगठी गेली. घेणारा फिरला, तर त्याने दुप्पट परत करावे. शब्द मोडण्याची किंमत द्रव्यात मोजली जाई.

३/
जमिनीला मात्र याच ग्रंथात वेगळे स्थान आहे. ती हस्तांतरित होताना गाव, भाऊबंद, शेजारी आणि वारस यांची संमती असावी, शिवाय सुवर्ण व उदक दिले जावे, असे वचन विज्ञानेश्वर उद्धृत करतो. त्याचे स्पष्टीकरण व्यवहारी आहे. गावाची संमती व्यवहार जाहीर व्हावा म्हणून, शेजाऱ्यांची संमती सीमेचा तंटा उद्भवू नये म्हणून.

४/
मराठेशाहीतील मिरासपत्रे आणि महजर यांत हीच जाण दिसते. कागदावर पाटील-कुळकर्ण्यांसह गोताची साक्ष असे. पाटलाची निशाणी नांगर, बलुतेदारांची निशाणी त्यांच्या हत्याराची. गोतासमोर दिलेला शब्द मोडणे म्हणजे गावात पत गमावणे. कराराची ताकद कागदाइतकीच साक्षीदारांत होती.

५/
'पैसे नकोत, जमीनच द्या' या मागणीला आजचे कायदेशीर रूप आले ते इंग्लंडमधून. तेथील सामान्य न्यायालये करारभंगाबद्दल नुकसानभरपाई देत. चान्सरी न्यायालयाने मात्र करार प्रत्यक्ष पाळण्याचा हुकूम देण्यास सुरुवात केली. जमिनीचा प्रत्येक तुकडा एकमेव असतो. तिच्या पैशात तशीच दुसरी जमीन मिळत नाही, हा त्यामागचा विचार. १८७७ च्या कायद्याने हे तत्त्व ब्रिटिश हिंदुस्थानात संहितेत आणले. यालाच कराराची विशिष्ट पूर्तता म्हणतात.

६/
पण हा हक्क बिनशर्त नव्हता. मुंबईतून प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलेला अर्देशीर मामा विरुद्ध फ्लोरा ससून हा १९२८ चा निवाडा येथे मैलाचा दगड आहे. खरेदीदाराने दाव्याच्या ओघात जमिनीची मागणी सोडली आणि केवळ भरपाई मागितली. न्यायालयाने सांगितले : ज्याला विशिष्ट पूर्तता हवी, त्याने करारापासून सुनावणीपर्यंत स्वतः 'तयार आणि राजी' असले पाहिजे. ती मागणी सोडल्यावर याच दाव्यात भरपाईही मिळाली नाही.

७/
त्या काळी परभणी ब्रिटिश मुलखात नव्हती. निजामाच्या राज्याचे कायदे आणि न्यायालये स्वतंत्र होती, १८८४ पासून राज्यकारभाराची भाषा उर्दू होती. पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर येथील कर्जबाजारी शेतकऱ्यासाठी १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा झाला, तोही गोदावरीकाठच्या या मुलखाला लागू नव्हता. सप्टेंबर १९४८ मध्ये हैदराबाद भारतात विलीन झाले.

८/
त्यानंतर आला १९५० चा हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन कायदा. कसणाऱ्याला मालकी देणे हा त्याचा गाभा. दिलेली मालकी पुन्हा सावकाराकडे जाऊ नये, म्हणून कुळाने या कायद्याखाली विकत घेतलेली जमीन पुढे विकण्यावर जिल्हाधिकाऱ्यांच्या पूर्वपरवानगीची अट आली.

९/
मग परवानगीशिवाय केलेले साठेखत निरर्थक का? अशाच स्वरूपाचा प्रश्न मध्य प्रांतातील मोतीलाल विरुद्ध नन्हेलाल खटल्यात १९३० मध्येच निघाला होता. विक्रीचा करार करणाऱ्याने परवानगीसाठी अर्ज करण्याची जबाबदारीही गर्भितपणे स्वीकारलेली असते, असे प्रिव्ही कौन्सिलने ठरवले. 'परवानगी नाही' ही सबब शब्द फिरवणाऱ्याला आयती मिळू नये, हा त्याचा अर्थ.

१०/
भाव का वाढतो, हेही पाहावे. १९६५ मध्ये जायकवाडी प्रकल्पाची पायाभरणी झाली. त्याचा डावा कालवा परभणी जिल्ह्यात पोहोचतो. कोरडवाहू शेताच्या बांधाशी पाणी आले की जुन्या भावाचा करार मालकाला सलू लागतो. उलट, ज्याने त्याच भरवशावर आपले किडूकमिडूक विकून इसार भरला, त्याला व्याजासह परत आलेल्या पैशात त्या शेताची कडही मिळत नाही.

११/
१९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाने जुन्या कायद्याची जागा घेतली. नुसत्या साठेखताने मालकी मिळत नाही. मिळतो तो मालकी मागण्याचा हक्क. दाव्याची मुदत तीन वर्षे : करारात तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर नकार कळल्यापासून. 'तयार आणि राजी' ही अटही राहिली. मात्र हुकूम द्यावा की भरपाईवर भागवावे, हा विवेकाधिकार न्यायाधीशाकडे होता.

१२/
हा विवेकाधिकार महत्त्वाचा का? साठेखत लिहून देणारा प्रत्येक जण लबाड नसतो. दुष्काळात घेतलेल्या कर्जाचे तारण म्हणून सावकाराने शेताचे साठेखत लिहून घ्यावे, हा प्रकार ग्रामीण महाराष्ट्राला अपरिचित नाही. अशा वेळी 'शब्द पाळा' ही मागणी दुर्बळावरच उलटते. सौदा अन्याय्य वाटला, तर न्यायाधीश थांबू शकत असे.

१३/
२०१८ च्या दुरुस्तीने, १ ऑक्टोबर २०१८ पासून, तो विवेकाधिकार काढून टाकला. कायद्यातील अपवाद सोडल्यास विशिष्ट पूर्तता आता नियम आहे. खरेदीदाराला बळ मिळाले. अडलेल्या विक्रेत्याला मात्र तो व्यवहार मुळात विक्री नव्हे, कर्जाचे तारण होते, हे पुराव्याने सिद्ध करावे लागते.

१४/
विज्ञानेश्वराच्या काळी फिरवलेल्या शब्दाची किंमत दुप्पट इसार होती, आज ती जमीनच आहे. पण जमिनीच्या सौद्याला गाव आणि शेजारी साक्षी असावेत, हा त्याने सांगितलेला विचार जुना झालेला नाही. चार जणांसमोर झालेल्या सौद्यात विक्री कोणती आणि तारण कोणते, हे लपवणे कठीण जाते.