मिठाच्या डोंगरातील त्रिखंडी : रेडलिखिया या प्रजातीचा शोधेतिहास



उपवासाच्या दिवशी आपल्या स्वयंपाकघरात जे शेंदेलोण वापरले जाते, त्यालाच संस्कृतात सैंधव म्हणतात. सिंधूच्या प्रदेशातून येणारे ते सैंधव. या मिठाची सर्वांत प्रसिद्ध खाण पंजाबातील खेवडा येथे, झेलम नदीच्या उत्तरेस पसरलेल्या मिठाच्या डोंगररांगेत आहे. १९४७ पासून हा भाग पाकिस्तानात गेला. मिठाच्या थरांवर तांबूस-जांभळा वालुकाश्म आणि त्याच्यावर करड्या शेल खडकाचे थर आहेत. या शेलमध्ये एका नामशेष प्राण्याचे ठसे सापडतात. आज ज्या प्रजातीची हकिकत सांगावयाची आहे, ती हीच. तिचे नाव रेडलिखिया.

त्रिखंडी हा संधिपाद प्राण्यांचा एक फार जुना वर्ग. खेकडे, विंचू, कीटक हे त्यांचे दूरचे भाऊबंद. मधला उंच आस आणि दोन्ही अंगांचे दोन पाळ्यांसारखे भाग, असे त्यांच्या कवचाचे लांबीच्या दिशेने तीन खंड पडतात, म्हणून हे नाव. ‘ट्रायलोबाइट’ या मूळ संज्ञेचा अर्थही तोच. सुमारे ५२ कोटी वर्षांपूर्वी ते समुद्रात अवतरले आणि सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वी शेवटचा त्रिखंडी नाहीसा झाला. रेडलिखिया त्यांच्या अगदी आरंभीच्या पिढ्यांपैकी होय.

तिच्या नामकरणाची कथा मोठी गमतीची आहे. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातील फ्रिट्झ नोएटलिंग यांनी या डोंगररांगेतील थरांचा अभ्यास केला होता. तेथील जीवाश्मांचे वर्णन कार्ल रेडलिख या ऑस्ट्रियन भूवैज्ञानिकाने १८९९ मध्ये ‘पॅलिऑन्टोलॉजिया इंडिका’ या सर्वेक्षणाच्या ग्रंथमालेत प्रसिद्ध केले. त्याने नव्या प्रजातीस होएफेरिया हे नाव दिले आणि जातीचे नाव नोएटलिंग यांच्या गौरवार्थ ‘नोएटलिंगी’ असे ठेवले. परंतु प्राणिशास्त्राचा नियम कडक आहे : एकदा एका प्राण्यास दिलेले प्रजातिनाम दुसऱ्यास देता येत नाही, आणि हे नाव आधीच वापरात होते. मोरिस कॉसमन या फ्रेंच शंखशास्त्रज्ञाने १९०२ मध्ये ही चूक दाखवून प्रजातीस रेडलिखिया हे पर्यायी नाव दिले. स्वतः वर्णिलेल्या प्राण्यास स्वतःचेच नाव देणे शास्त्रज्ञांच्या रीतीत बसत नाही. रेडलिखला तो मान त्याच्या नजरचुकीनेच मिळवून दिला.

वर्गीकरणाकडे वळू. रेडलिखियाचे डोके अर्धवर्तुळाकार असून त्याच्या दोन्ही कोपऱ्यांतून मागे काटे निघतात. डोळे चंद्रकोरीसारखे, मोठे आणि डोक्याच्या मधल्या उंचवट्यास लागून असतात. धडाचे खंड पुष्कळ, शेपटीची ढाल मात्र अगदी चिमुकली. पण वर्गीकरणकाराच्या दृष्टीने खरी खूण आहे ती डोक्यावरील शिवण. कात टाकताना कवच ज्या रेषेवर उकले, ती ही रेषा. उत्तर अमेरिकेतील समकालीन ओलेनेलस प्रजातीच्या डोक्यावर ही शिवण नाही. रेडलिखियाच्या डोक्यावर ती डोळ्यांवरून जाऊन मागच्या कडेस पोचते. तरीही १९३२ मध्ये रिख्टर यांनी स्थापलेल्या रेडलिखिइडा या गणात पुढे ओलेनेलसचे भाऊबंदही सामावले गेले. आज बहुतेक अभ्यासक असे मानतात की हा गण म्हणजे एका वंशाची संपूर्ण शाखा नव्हे. नंतरच्या अनेक त्रिखंडींचे पूर्वज याच गोतावळ्यातून निघाले असावेत. गण मोडावा की ठेवावा, यावर वाद आहे. माझ्या मते सोयीपुरता तो ठेवण्यास हरकत नाही. मात्र कपाटातील खण आणि वंशवृक्षाची फांदी या दोन गोष्टी निराळ्या आहेत, एवढे भान हवे.

जातींच्या बाबतीत गोंधळ याहून मोठा. चीनमध्ये या प्रजातीच्या कितीतरी जाती वर्णिल्या गेल्या. हिमालयात तर खडकच दाबले, ताणले, पिळवटले गेले आहेत. त्यामुळे एकाच जातीचे डोके एका दगडात रुंद दिसते, तर दुसऱ्यात लांबट. अशा विरूपित नमुन्यांवर हिमालयातील त्रिखंडींच्या अनेक जाती उभारल्या गेल्या होत्या. पीटर जेल आणि नायजेल ह्यूज यांनी १९९७ मध्ये सर्व हिमालयी कँब्रियन त्रिखंडींची फेरतपासणी करून त्यांतील पुष्कळ नावे रद्द केली.

आता मुख्य वादाकडे येतो. खेवड्याचे मीठ केव्हाचे? मिठाच्या वर रेडलिखिया आहे, म्हणजे मीठ तिच्याहून जुने, कँब्रियन किंवा त्याही आधीचे, हा सरळ तर्क. पण डॉ. बीरबल साहनी यांना मिठात आणि त्याच्या लगतच्या खडकांत लाकडाचे सूक्ष्म तुकडे व कीटकांचे अवशेष आढळले. कँब्रियन काळात जमिनीवर वृक्षही नव्हते आणि कीटकही नव्हते. तेव्हा मीठ इओसीन काळातील, सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वीचे असले पाहिजे आणि कँब्रियन थर त्याच्यावर नंतर सरकून आले असले पाहिजेत, असे त्यांनी प्रतिपादन केले. शेजारच्या कोहाट भागातील मीठ खरोखरच इओसीन असल्याने या मतास बळही होते. १९४४ आणि १९४५ मध्ये यावर मोठी परिसंवाद-चर्चा झाली. या डोंगररांगेचे वर्षानुवर्षे सर्वेक्षण केलेल्या ई. आर. गी यांनी पंजाबचे मीठ कँब्रियन थरांच्या खाली मूळपासूनच आहे, असा पक्ष मांडला. साहनी १९४९ च्या एप्रिलमध्ये निवर्तले. पुढे पंजाबच्या मैदानात तेलासाठी खोदलेल्या विहिरींतही मीठ कँब्रियनच्या खालीच लागले. सूक्ष्म अवशेष बाहेरून, भेगांतून वा पाण्याबरोबर शिरले असावेत, असा आज सर्वसाधारण समज आहे. रेडलिखियाची साक्ष टिकली. तथापि साहनींचा तर्क सर्वस्वी वाया गेला नाही. डोंगर खरोखरच सरकला आहे, पण तो मिठावरून नव्हे. मिठासकट आणि मिठाच्याच निसरड्या थरावर तो दक्षिणेकडे सरकून तरुण गाळावर चढला आहे.

या प्रजातीचे अवशेष हिमालयात स्पितीच्या पराहिओ खोऱ्यात आणि मसुरीजवळच्या ताल शैलसमूहात, तसेच इराण, चीन, कोरिया, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका येथे सापडले आहेत. उत्तर अमेरिका व स्कॉटलंड हे ओलेनेलसचे राज्य. तेथे रेडलिखिया नाही. आजच्या नकाशावर हे वाटप चमत्कारिक दिसते, पण भारत, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका हे गोंडवन नामक एकाच भूखंडाचे भाग होते आणि चीनचे तुकडे त्याच्या आसपास होते, हे ध्यानात घेतले की कोडे सुटते. आपल्याकडे मात्र तिचा शोध घेणे व्यर्थ. गोकाकचा धबधबा ज्या खडकांवरून कोसळतो ते कलादगी परिसरातील खडक त्रिखंडींच्या जन्मापूर्वीचे, आणि सह्याद्रीचा काळा पत्थर सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा, म्हणजे त्यांच्या अंतानंतरचा. मधले पानच आपल्या भागात नाही.

ऑस्ट्रेलियाच्या कांगारू बेटावरील एमू बे शेलमध्ये या प्राण्याचे पाय आणि आतडीसुद्धा जपली गेली आहेत. २०१९ मध्ये तेथून वर्णिलेली ‘रेडलिखिया रेक्स’ ही जाती सुमारे ३० सेंटिमीटर लांबीची. त्या काळी बहुतेक त्रिखंडी बोटभर असत. तेथील काही कवचांवर भरून आलेल्या जखमा आहेत, आणि त्या स्वजातीयांनीच केलेल्या असाव्यात असे संशोधक म्हणतात.

सुमारे ५१ कोटी वर्षांपूर्वी रेडलिखिया आणि ओलेनेलस यांची घराणी जवळपास एकाच सुमारास लयास गेली. समुद्रातील कार्बनच्या प्रमाणात त्याच वेळी मोठा बदल झाल्याचे खडकांवरून दिसते. त्यानंतरच्या कालखंडाची, मिआओलिंगियनची, सुरुवात कोठे धरावी हे २०१८ मध्ये आंतरराष्ट्रीय पातळीवर निश्चित झाले. सीमारेषेचा दगड चीनच्या ग्वेझो प्रांतातील आहे. परंतु ज्या त्रिखंडीच्या प्रथम दर्शनावरून ती रेषा ओढली, त्याचे नाव ऑरिक्टोसेफॅलस इंडिकस. हेन्री हेडन यांनी स्पितीच्या दऱ्यांतून गोळा करून आणलेल्या दगडांवरून काऊपर रीड यांनी १९१० मध्ये त्याला हे ‘भारतीय’ जातिनाम दिले होते.