झोपडी, नांगर आणि सुरत

सुरत म्हटले की मराठी माणसाला शिवाजी महाराजांची स्वारी आठवते, नाहीतर १९०७ मधली जहाल-मवाळांची फूट. या जिल्ह्यात समाजवाद्यांनीही रान पेटवले होते, हे फारसे कुणाच्या ध्यानात नाही.

पारडी तालुका तेव्हा सुरत जिल्ह्यात होता. जमीनदारांनी तिथली मोठी जमीन गवताखाली ठेवलेली. गवत मुंबईच्या तबेल्यांना जाई आणि ते कापणारा आदिवासी अन्नाला महाग. १ सप्टेंबर १९५३ रोजी ईश्वरभाई देसाई आणि अशोक मेहता यांच्या नेतृत्वाखाली आदिवासी त्या गवताळ रानात शिरले. इथे धान्य पिकवा, एवढीच मागणी. पुढे त्यांनी गवत कापायलाच नकार दिला. झोपडी हे निवडणूक चिन्ह घेतलेल्या प्रजा समाजवादी पक्षाची खरी ताकद अशा लढ्यांत होती. मतपेटीत ती कधीच पुरती उतरली नाही.

१२ जून १९७५ ला गुजरात विधानसभेचे निकाल लागले, तेव्हाही समाजवाद्यांच्या पदरी जागा इनमिन दोन. पण ते ज्या जनता मोर्चात होते त्याचे सरकार आले, बाबूभाई पटेल मुख्यमंत्री झाले आणि आठवड्याभरात देशावर आणीबाणी कोसळली. समाजवादी ज्याला फॅसिझम म्हणत आले, तो आता दारात उभा होता. मार्च १९७६ पर्यंत गुजरात विरोधकांचा आसरा राहिला. भूमिगत समाजवादी नेते जॉर्ज फर्नांडिस बडोद्याला आले ते याच काळात. लोकसभेची मुदत वाढवली गेली, तेव्हा समाजवादी खासदार मधू लिमयांनी तुरुंगातूनच खासदारकी सोडली. मतदारांनी दिलेली पाच वर्षे संपली, मग तिथे बसायचे कोणत्या हक्काने? इतके स्वच्छ पाऊल त्या काळात क्वचितच कुणी उचलले.

१९७७ मध्ये सुरतेचे खासदार मोरारजी देसाई पंतप्रधान झाले. जनता पक्षाच्या बहुतेक उमेदवारांसारखेच समाजवादीही लोकदलाच्या नांगरधारी शेतकऱ्यावर लढले होते. १ मे रोजी समाजवादी पक्ष रीतसर जनता पक्षात विलीन झाला.

लढ्यात ताकद आणि मतपेटीत दुबळेपणा, असे इटलीतही घडले होते. मुसोलिनीविरुद्ध शस्त्र घेऊन लढलेल्या ॲक्शन पार्टीचे फेरुच्चो पार्री १९४५ मध्ये पंतप्रधान झाले. पुढच्याच वर्षी संविधान सभेत पक्षाला सात जागा मिळाल्या आणि १९४७ मध्ये तो विसर्जित झाला. हुकूमशाहीशी झुंजताना निष्ठेने उभी राहणारी माणसे लागतात; निवडणुकीला गावोगावची संघटना लागते, आणि ती या पक्षांजवळ नव्हती.

समाजवाद्यांचे श्रेय मात्र हिरावून घेता येणार नाही. रेल्वेमंत्री म्हणून मधू दंडवत्यांनी रेल्वेच्या दुसऱ्या वर्गाच्या लाकडी बाकांवर गाद्या आणल्या. ते ज्या जनता सरकारात होते, त्याने १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने ‘अंतर्गत अशांतता’ हे आणीबाणीचे कारणच काढून टाकले. पण जनता पक्ष आणि रा. स्व. संघ अशा दुहेरी सदस्यत्वाचा वाद पेटला, त्यात लिमये आघाडीवर होते, आणि जुलै १९७९ मध्ये मोरारजींनी राजीनामा दिला. पुढच्या निवडणुकीत सुरतेची जागा इंदिरा काँग्रेसकडे गेली. समाजवादी तोवर वेगवेगळ्या गटांत पांगले होते.