इंदूरचा सूर, विरहाचे गाणे

गणेशोत्सवातील सांस्कृतिक संध्येला आपल्याकडे कुणी ना कुणी ‘भातुकलीच्या खेळामधली’ गातेच. सूर लागला की पुढच्या रांगेतल्या काकू-मावश्यांच्या गप्पा थांबतात आणि हिंदी माध्यमात शिकलेली मुलेही गुणगुणू लागतात. शब्द मंगेश पाडगावकरांचे, चाल यशवंत देवांची, स्वर अरुण दाते यांचा. प्रेमभंगाची गाणी पुष्कळ आली आणि गेली. हेच का टिकले, याचा थोडा मागोवा आम्ही घेत आहोत.

अरुण दाते यांचा जन्म ४ मे १९३४ रोजी इंदूरला झाला. म्हणजे तेही आपल्यासारखेच, महाराष्ट्राबाहेरचे मराठी. वडील रामूभैया दाते मोठे रसिक, त्यामुळे घरी कलावंतांचा राबता असे. कुमार गंधर्वांकडून सुरुवातीचे धडे मिळाले. अरुणजी आधी उर्दू गझला गात. त्यांचे रेडिओवरील गाणे ऐकून श्रीनिवास खळे यांनी मराठी भावगीताचा आग्रह धरला, तेव्हा ते कचरले. आपल्या इंदुरी वळणाच्या मराठीला लोक हसतील, ही धास्ती होती, असे सांगतात. अखेर साठच्या दशकात ‘शुक्रतारा मंद वारा’ आले आणि तोच स्वर घरोघरी पोहोचला.

ही धास्ती आम्हाला चांगली ठाऊक आहे. पुण्यात एका लग्नात आम्ही ‘जेवण करून राहिलो’ म्हणालो आणि पंगतीत हशा पिकला. तेव्हापासून तिकडे गेल्यावर आम्ही बराच वेळ गप्पच असतो.

बालाघाटची गोष्टही अर्ध्यावर थांबल्यासारखीच आहे. १९५६ पूर्वी नागपूर आपली राजधानी होती. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचना झाली. गोंदिया-भंडारा पलीकडे गेले, आपण मध्य प्रदेशात राहिलो. सोयरीक दोन्हीकडे, शाळा-कचेरीची भाषा मात्र हिंदी झाली. पण आकाशवाणीच्या लहरी सीमा मानत नव्हत्या. नागपूर केंद्रावरून भावगीते आपल्या ओसरीवर येत राहिली. आमच्या वडिलांच्या पिढीने मराठी जपले, त्यात पुस्तकांइतकाच रेडिओचाही वाटा आहे.

आता गाण्याकडे वळू. यात राजा-राणीची ताटातूट आहे, पण दोष कुणाचा हे सांगितलेले नाही. बेवफाईचा ठपका नाही, शाप नाही. मुलांच्या खेळाची उपमा असल्याने दुःख हलके वाटते आणि म्हणूनच खोल जाते. देव शब्दप्रधान गायकीचे पुरस्कर्ते होते, त्यामुळे चाल शब्दांना कुठेही झाकत नाही. दाते यांचा मऊ, संयत स्वर रडत नाही. रडणे ऐकणाऱ्यावर सोपवतो. ज्याचे त्याचे दुःख त्यात मावते, ते यामुळेच.

पाडगावकर ३० डिसेंबर २०१५ रोजी गेले. दाते व देव दोघेही २०१८ मध्ये गेले. गाणे राहिले.

गेल्या वर्षी मुलीने आम्हाला विचारले, “बाबा, भातुकली म्हणजे काय?” आम्ही म्हटले, “तुम्ही घर-घर खेळता ना, तेच.” ती म्हणाली, “मग हा शब्द आपण घरी का बोलत नाही?” आमच्याकडे उत्तर नव्हते. पण चाल तिला आधीच पाठ होती. यंदा ती मंडपात हेच गीत गाणार आहे. उच्चार थोडे बालाघाटी होतील. वाचकहो, कुणी हसू नये, एवढीच विनंती.

गणपती बाप्पा मोरया!