वाटाण्याचा सिनेमा

परसात घेवडा लावला की दुसऱ्या दिवसापासून आपण वाकून वाकून माती बघतो. पण कोंब नेमका वर येताना कुणी पाहिलाय? सकाळी बघावं तर तो आलेलाच असतो.

१९१२ साली मुंबईत एका माणसाने हेच सगळ्यांना दाखवलं. ते दादासाहेब फाळके, मूळचे त्र्यंबकेश्वरचे. लंडनहून कॅमेरा आणला होता, सिनेमा काढायचा होता, पण पैसा नव्हता. नुसत्या बोलण्यावर कोण पैसे देणार? मग त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि समोर कॅमेरा मांडला.

हाताने फिरवायचा कॅमेरा एरवी सेकंदाला पंधरा-सोळा चित्रं घ्यायचा. यांनी मात्र मध्ये वेळ जाऊ देत, थोडी थोडी चित्रं घेतली. महिन्याहून जास्त दिवस! ती सलग चालवली, तर कोंब फुटला, पानं उलगडली, वेल वर चढला. सगळं मिनिटभरात. नाव ठेवलं ‘अंकुराची वाढ’. त्यात राजा नाही, देव नाही. तेव्हा सिनेमाला आवाजही नव्हता. जे घडतं ते धीराने बघायचं आणि चित्रालाच बोलू द्यायचं. सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ सालीच मुंबईतली कुस्ती टिपली होती, पण कुस्ती नुसत्या डोळ्यांनीही दिसते हो.

फाळक्यांनी हा वाटाणा ओळखीच्यांना दाखवला आणि एकाने कर्ज द्यायचं कबूल केलं.

आता घरातली बाजू. कोरी फिल्म तेव्हा बिनभोकाची यायची. काठाला भोकं पाडल्याशिवाय ती यंत्रात सरकत नसे, आणि उजेड लागला तर वाया. सरस्वतीबाई फाळक्यांनी अंधारात बसून भोकं पाडायला शिकून घेतलं, फिल्म धुवायलाही. शिवाय सिनेमाच्या माणसांचा स्वयंपाक होताच. त्यांनी दागिने काढून दिले, ते सगळे सांगतात. मला विचाराल तर त्या अंधाऱ्या खोलीतल्या कामाचं मोल जास्त.

३ मे १९१३ रोजी गिरगावात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. तारामतीच्या कामाला बाई मिळाली नव्हती, ते अण्णा साळुंके यांनी साडी नेसून केलं. त्या फिल्मची भोकं मात्र सरस्वतीबाईंनीच पाडली होती.