गारपगाऱ्याचा वाटा

इतिहासाच्या पुस्तकात आमच्या नेसरीचे नाव बहुधा एकदाच येते. २४ फेब्रुवारी १६७४ रोजी प्रतापराव गुजर बहलोलखानाच्या फौजेवर तुटून पडले आणि मारले गेले. सोबत सहाच स्वार होते, असे परंपरा सांगते. तलवारींचा हा इतिहास आपल्याला पाठ असतो. शेतकऱ्याला मात्र चैत्र-वैशाखात धडकी भरते ती वळवाच्या वाऱ्याची. दुपार कलली की वावटळ उठते, आभाळ काळवंडते, आणि गारा कोसळल्या तर आंबा-काजूचा हंगाम अर्ध्या तासात मातीमोल होतो. या शत्रूवरही तलवार उपसणारा एक माणूस मराठी मुलखात होता. गावाने त्याला धान्य देऊन पोसले होते. त्याला गारपगारी म्हणत.

त्याची वस्ती मुख्यतः नागपूर आणि वऱ्हाड भागात. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ साली मध्य प्रांतातील जाती-जमातींवर चार खंड प्रसिद्ध केले. त्यांत त्याची माहिती आहे. १९११च्या शिरगणतीत ही जात सुमारे ९,००० भरली. मूळ नाथपंथी जोगी. काम एकच : वादळी ढग परतवायचे, उभ्या पिकावर गार पडू द्यायची नाही.

रात्रीच्या आभाळात धूर आणि जाळ मिसळल्यासारखा तांबडा-काळा रंग दिसला की तो तलवार घेऊन मारुतीपुढे उभा राही. आधी विनवणी. ढग हटले नाहीत तर धमकी : आता जीव देतो! मग अंगावरचे कपडे फेकून देई. कधी बायकामुलांनाही तिथे आणून उभे करी आणि त्यांना मारण्याची धमकी देई. पूर्वी तो स्वतःच्या अंगावर वार करून घेई असे सांगत. रसेलच्या काळापर्यंत बोटातून रक्त काढण्यावर भागू लागले होते.

हे वाचून हसू येते. पण आम्हाला हसण्याची घाई करवत नाही. बलुते-अलुत्यांच्या ज्या याद्या जुन्या लेखकांनी दिल्या त्यांत आपला मुलाणीही आहे. कुठे तो बलुतेदार, कुठे अलुतेदार. तो हलाल करी, मशिदीची सेवा करी, आणि सुगीला त्याच खळ्यावरून आपला वाटा उचली. मुलाणी आणि गारपगारी दोघेही गावाच्या एकाच राशीतून जेवणारे. वारा हुकमात ठेवण्याचा मान कुराणात हजरत सुलेमान यांना मिळालेला, तोही अल्लाहच्या देणगीने. बाकी माणसाच्या हाती दुआ. पाऊस ओढ धरतो तेव्हा आपली माणसे उघड्या मैदानात जाऊन पावसाची नमाज पढतात आणि परत येतात. आभाळ नाही भरले तर इमामाला कोणी जाब विचारत नाही. गारपगाऱ्याची नोकरी त्याहून कठीण, कारण त्याने ढग हटवायचेच होते. गार पडली की दैवावर काढता न येणारा राग कुणावर तरी काढावा लागतो, आणि तो माणूस गावात आयता होता.

असा माणूस फक्त आपल्याकडेच होता असे मात्र नाही. रोमन लेखक सेनेका याने पहिल्या शतकात ग्रीसमधील क्लेओनी गावाची हकिकत लिहिली आहे. तिथे सरकारी खर्चाने गारांचे पहारेकरी नेमलेले असत. त्यांनी इशारा दिला की कोणी कोकरू बळी देई, कोणी कोंबडीचे पिल्लू. ज्याच्याकडे काहीच नसे तो बोट टोचून रक्त काढी. वऱ्हाडचा गारपगारी आणि क्लेओनीचा गरीब शेतकरी यांच्यात एवढे अंतर, पण रक्त दोघांचेही बोटातलेच! पीक बुडाले तर तिथल्या पहारेकऱ्यांवर हयगयीचा ठपका येई आणि शिक्षाही होई. सेनेकाला हा सारा प्रकार हास्यास्पद वाटला.

शास्त्राच्या युगातही हे वेड सुटले नाही. १८९६ साली ऑस्ट्रियाच्या स्टायरिया प्रांतात आल्बर्ट श्टिगर या द्राक्षबागायतदाराने ढगांवर तोफा डागायला सुरुवात केली. दोन-चार वर्षांत इटलीत अशा हजारो तोफा उभ्या राहिल्या. पुढे चाचण्या झाल्या, उपयोग शून्य ठरला. तोफवाल्यांना मात्र कोणी अंधश्रद्ध म्हटले नाही.

लोकांचा विश्वास उडत गेला तसा खळ्यावरचा वाटाही आटला. गारपगारी शेतीकडे, मजुरीकडे वळला. काहींच्या हाती झोळी आली. आज महाराष्ट्राच्या भटक्या जमातींच्या यादीत त्याचे नाव आहे. ढगांशी भांडणाऱ्याच्या नातवंडांना आता दाखल्यासाठी कचेरीत भांडावे लागते.

गारा थांबलेल्या नाहीत. २०१४च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये विदर्भ, मराठवाडा, उत्तर महाराष्ट्र झोडपून निघाले. २०१६पासून पंतप्रधान पीक विमा योजना आहे. शेतकरी हप्ता भरतो, आणि गार पडली की ७२ तासांच्या आत नुकसानीची खबर द्यायची असते. विमा कंपनी मारुतीपुढे उभी राहत नाही. तिचा माणूस गारा वितळल्यावर पंचनाम्याला येतो.