कुठला डबा घ्यायचा? १९९५ सालची एक खरेदी

नवा गेम कन्सोल घ्यायचा विषय निघाला की ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये लगेच आकडेफेक सुरू होते. याचे टेराफ्लॉप्स किती, त्याची रॅम किती, एसएसडी कुणाची फास्ट. आपण पडलो सॉफ्टवेअरवाले, आकडे दिसले की राहवत नाही. पण या आकड्यांनी गिऱ्हाइकाला सगळ्यात जास्त चकवलं असेल तर ते १९९५-९६ मध्ये. तेव्हा तीन डबे समोर होते: सेगा सॅटर्न, सोनी प्लेस्टेशन आणि 'येणार, येणार' म्हणून गाजत असलेला निन्टेन्डो ६४. चुकीचा डबा घेतला तर तीनचारशे डॉलर पाण्यात आणि वर दोन वर्षांनी दुकानात त्याचे गेम्सच नाहीत, अशी परिस्थिती. त्यात पैसे बापाचे आणि हट्ट पोराचा.

(आपल्याकडे हा प्रश्नच नव्हता म्हणा. आपल्याकडे 'व्हिडिओ गेम' म्हणजे निन्टेन्डोच्या आठ बिटवाल्या जुन्या फॅमिकॉमची नक्कल आणि सोबत '९९९९ इन १' लिहिलेली पिवळी कॅसेट, ज्यात फिरून फिरून मारिओ आणि कॉन्ट्राच. निवड करायची ती कॅसेटच्या रंगाची. असो.)

तर तेव्हाचा अमेरिकन गिऱ्हाईक कोण होता ते आधी बघू. त्याच्या घरी सोळा बिटवाला डबा होता, सेगा जेनेसिस किंवा सुपर निन्टेन्डो. यातल्या सेगावाल्याची अवस्था जरा नाजूक होती. सेगाने त्याला १९९२ मध्ये जेनेसिसला जोडायचा सीडी ड्राइव्ह विकला होता, २९९ डॉलरला. मग नोव्हेंबर १९९४ मध्ये जेनेसिसच्या डोक्यावर बसवायचं '३२एक्स' नावाचं आणखी एक भूत विकलं, १५९ डॉलरला. आणि गंमत बघा, त्याच नोव्हेंबरच्या २२ तारखेला जपानमध्ये सेगाने सॅटर्न बाजारात आणला, म्हणजे ३२एक्सला निरुपयोगी करणारा डबा! ज्याने मुलाला नाताळात ३२एक्स घेऊन दिलं, त्याला सहा महिन्यांत कळलं की आपण मोडीत निघणाऱ्या वस्तूवर पैसे घातले. या माणसाला पुन्हा सेगाच्या दुकानात आणायचं होतं.

सोनीची गोष्ट तुम्ही कुठे ना कुठे वाचली असेल, म्हणून थोडक्यात. सोनी आणि निन्टेन्डो मिळून सुपर निन्टेन्डोसाठी सीडीवाला कन्सोल करणार होते. जून १९९१ मध्ये शिकागोच्या प्रदर्शनात सोनीने तो जाहीर केला आणि दुसऱ्याच दिवशी निन्टेन्डोने आपण फिलिप्सबरोबर जातोय असं सांगून टाकलं. भर मांडवात नवरदेव बदलला. सोनीत केन कुतारागी नावाचा इंजिनियर होता. सुपर निन्टेन्डोची साउंड चिप त्याचीच. त्याने वरिष्ठांकडे हट्ट धरला की आता आपला स्वतःचाच डबा करू. तो ३ डिसेंबर १९९४ ला जपानमध्ये आला, ३९,८०० येनला. सॅटर्न होता ४४,८०० येन.

आता ११ मे १९९५. लॉस एंजेलिसमध्ये ई-थ्री हे प्रदर्शन पहिल्यांदाच भरलं होतं. सॅटर्न अमेरिकेत २ सप्टेंबरला येणार असं सगळ्यांना माहीत होतं. सेगा ऑफ अमेरिकाचा प्रमुख टॉम कॅलिन्स्की स्टेजवर आला आणि म्हणाला, सॅटर्न आजपासूनच दुकानात आहे, किंमत ३९९ डॉलर. सोनीच्या आधी चार महिने बाजारात उतरायची ही चाल जपानच्या मुख्यालयाची. सगळे अवाक. त्यानंतर सोनीची पाळी. सोनीच्या अमेरिकन गेम कंपनीचा प्रमुख स्टीव्ह रेस (हा पूर्वी सेगातच होता) भाषणाला म्हणून उभा राहिला, माइकवर 'टू नाइन्टी नाइन' एवढंच म्हणाला आणि टाळ्यांच्या कडकडाटात जागेवर जाऊन बसला. शंभर डॉलरचा फरक.

कन्सोलच्या इतिहासातला हा सगळ्यात प्रसिद्ध किस्सा, आणि बरेच लोक इथेच निकाल लावून मोकळे होतात. मला मात्र वाटतं की या किश्शाला जरा जास्तच भाव मिळालाय. सेगाने काही महिन्यांतच सॅटर्न २९९ वर आणला. फरक फक्त किमतीचा असता तर तिथे मिटला असता. खरी गोची त्या 'आजपासून' या शब्दात होती.

सॅटर्न आजपासून मिळणार, पण कुठे? सेगाने मोजक्याच साखळी दुकानांना माल दिला होता. बाकीच्यांना काही पत्ताच नाही. केबी टॉईज ही खेळण्यांची मोठी साखळी इतकी भडकली की तिने सेगाचा माल ठेवणंच बंद केलं. आणि गेम्स? दुकानात मोजून सहा. बाहेरच्या कंपन्यांचे प्रोग्रामर सप्टेंबरची डेडलाइन डोळ्यासमोर ठेवून काम करत होते. तुमच्या क्लायंटने सप्टेंबरचा रिलीज न विचारता मे महिन्यात जाहीर करून टाकला तर तुम्ही काय म्हणाल? तेच ते म्हणाले असणार. त्यामुळे ज्याने मे मध्ये ३९९ मोजून डबा घरी नेला, तो उन्हाळाभर तेच ते गेम खेळत बसला. ९ सप्टेंबरला प्लेस्टेशन आला आणि दोन दिवसांत त्याने सॅटर्नचा मे पासूनचा खप मागे टाकला.

आता डब्याच्या आत डोकवू, कारण माझ्या मते निकाल तिथेच लागला होता.

सॅटर्नमध्ये हिताचीचे दोन एसएच-२ प्रोसेसर, प्रत्येकी २८.६ मेगाहर्ट्झ. चित्र काढायलाही दोन वेगळ्या चिप्स. प्लेस्टेशनमध्ये ३३.९ मेगाहर्ट्झचा एकच प्रोसेसर आणि सोबत थ्रीडीची गणितं करणारं एक युनिट. जाहिरातीत 'दोन' हा आकडा भारीच दिसतो. पण त्या दोघांना मेमरीकडे जायला रस्ता एकच. एक मेमरी वाचतोय तोवर दुसरा ताटकळत उभा. आज मल्टिथ्रेडिंगचा बग शोधताना आपल्याला घाम फुटतो. तेव्हा ते सगळं हाताने, असेंब्लीत करायचं होतं. सेगाचा स्वतःचा स्टार डिझायनर, 'व्हर्च्युआ फायटर'वाला यू सुझुकी, त्याचंही मत असं की या मशीनमधून पुरता वेग काढू शकणारा प्रोग्रामर शंभरात एखादाच. बरं, सगळं जग त्रिकोण जोडून थ्रीडी करायला लागलेलं असताना सॅटर्न चौकोन काढायचा. म्हणजे दुसऱ्या मशीनवरचा गेम इकडे आणायचा तर सगळं पुन्हा बांधा.

प्लेस्टेशन काही सर्वगुणसंपन्न नव्हता. त्याला फ्लोटिंग पॉइंट येत नाही, झेड-बफर नाही, टेक्श्चर पर्स्पेक्टिव्हप्रमाणे बसवता येत नाही. जुने गेम आज लावून बघा, भिंती पाण्यात असल्यासारख्या डुलतात. पण सोनीने एक फार शहाणपणाचं काम केलं. १९९३ मध्ये त्यांनी लिव्हरपूलची सिग्नॉसिस ही गेम कंपनी विकत घेतली होती. तिच्यामार्फत एसएन सिस्टिम्स नावाच्या दोन इंग्लिश प्रोग्रामरांच्या छोट्या कंपनीचं काम सोनीपर्यंत पोहोचलं. डेव्हलपर्सना सोनीची स्वतःची महागडी वर्कस्टेशन्स द्यायचा विचार चालला होता. या दोघांनी दाखवलं की साध्या पीसीत एक कार्ड खोचून तेच काम होतं. सोनीने ते उचललं. सी मध्ये लिहा, तयार लायब्ररी वापरा, पीसीवर कंपाइल करा, चालवून बघा. चार मित्रांची कंपनीसुद्धा हे करू शकत होती.

दुकानात उभ्या असलेल्या बापाला यातलं काय दिसणार होतं? काहीच नाही. त्याला खोक्यावर बिट्स दिसत होते. पण १९९७ मध्ये त्याच्या पोराला किती गेम्स मिळणार, हे ब्रिटनमधल्या नाहीतर जपानमधल्या कुणा प्रोग्रामरच्या टेबलावर ठरत होतं. तो डबा विकत घेत नव्हता, न लिहिलेल्या कोडवर पैसे लावत होता.

आता निन्टेन्डो. यांच्याकडे तर बिट्सच बिट्स. सिलिकॉन ग्राफिक्सबरोबर केलेलं डिझाइन, ६४ बिट, ९३.७५ मेगाहर्ट्झ, झेड-बफर, टेक्श्चर व्यवस्थित. कागदावर तिघांत पहिलवान हाच, आणि किंमत अमेरिकेत फक्त १९९ डॉलर! फक्त तो यायचाच होता. १९९५ चा १९९६ झाला, जपानमध्ये २३ जूनला आणि अमेरिकेत सप्टेंबरअखेर आला. अमेरिकेत पहिल्या दिवशी गेम्स दोन. हो, दोन. त्यातला एक 'सुपर मारिओ ६४' असल्याने लोकांनी माफ केलं.

पण निन्टेन्डोने सीडी घेतली नाही, कार्ट्रिजच ठेवली. तांत्रिक कारणं बरोबर होती: लोडिंगला वेळ लागत नाही, चोरटी कॉपी अवघड, पोरांनी आपटली तरी चालते. पण आता हे धंद्याच्या बाजूने बघा. सीडीत साधारण ६५० एमबी, मारिओ ६४ ची कार्ट्रिज ८ एमबी, आणि पुढे सगळ्यात मोठी झाली तीसुद्धा ६४ एमबीच. सीडी छापायला एखाददोन डॉलर, कार्ट्रिजला त्याच्या कितीतरी पट. आणि मुख्य म्हणजे वेळ. कार्ट्रिजची ऑर्डर निन्टेन्डोकडे आगाऊ द्यायची, पैसे आधी गुंतवायचे, माल यायला कित्येक आठवडे. पन्नास हजार मागवल्या आणि वीसच खपल्या तर तीस हजार प्लास्टिकचे ठोकळे गोडाऊनमध्ये. वीस मागवल्या आणि पन्नासांची मागणी आली तर माल येईपर्यंत नाताळ संपलेला. सीडीचं तसं नाही. थोड्या छापा, खपल्या तर पुढच्या आठवड्यात आणखी छापा. म्हणून प्लेस्टेशनवर कुणीही चक्रम कल्पना करून बघू शकत होता. निन्टेन्डोवर प्रयोग करायचा तर खिसा जड हवा.

याचा सगळ्यात मोठा फटका १९९६ मध्ये बसला. स्क्वेअर कंपनीने 'फायनल फँटसी'चे पहिले सहा भाग निन्टेन्डोसाठी केले होते. सातवा त्यांनी सोनीला दिला. तो ३१ जानेवारी १९९७ ला जपानमध्ये आला, तीन सीडींवर. तेवढा गेम कार्ट्रिजमध्ये कोंबायचा कसा, हे तुम्हीच ठरवा. त्याच सुमाराला एनिक्सनेही 'ड्रॅगन क्वेस्ट'चा पुढचा भाग प्लेस्टेशनवर आणायचं जाहीर केलं. जपानमध्ये ही दोन नावं म्हणजे काय, हे आपल्याला कळणं कठीण आहे. दोन्ही सोनीकडे गेल्यावर तिकडच्या घरोघरी प्रश्न मिटला.

शेवटचा हिशेब: प्लेस्टेशन १० कोटी २४ लाख, निन्टेन्डो ६४ ३ कोटी २९ लाख, सॅटर्न ९० लाखांच्या थोडा वर.

मग सॅटर्न घेणारे सगळे मूर्ख होते का? अजिबात नाही. टोकियोतल्या ज्या पोराला 'व्हर्च्युआ फायटर' घरी खेळायचा होता, त्याच्यासाठी सॅटर्नच बरोबर होता. टूडी मारामारीचे गेम त्याच्यावर प्लेस्टेशनपेक्षा छान चालायचे. जपानात तर सॅटर्न निन्टेन्डो ६४ पेक्षा थोडा जास्तच खपला. आणि निन्टेन्डो ६४ ला गेम्स कमी आले, पण 'गोल्डनआय' आणि 'ओकारिना ऑफ टाइम' त्यातलेच, शिवाय चार जणांना एकाच वेळी खेळायला डब्यावरच चार जागा. घरात तीन भावंडं असतील तर मी आजही तोच सुचवला असता. फसला तो अमेरिकेतला सेगावाला, कारण १९९७ च्या ई-थ्रीमध्ये खुद्द सेगा ऑफ अमेरिकाच्या बर्नी स्टोलारनेच सांगून टाकलं की सॅटर्न हे आपलं भविष्य नाही. सीडी ड्राइव्ह, ३२एक्स, सॅटर्न, असे तीन डबे पाच वर्षांत. ९ सप्टेंबर १९९९ ला सेगाने अमेरिकेत ड्रीमकास्ट आणला. तो सुबक होता, प्रोग्रामरांना आवडणारा होता, १९९ डॉलरचा होता. पण एव्हाना लोक म्हणत होते, थांबू जरा, प्लेस्टेशन २ येतोय. जानेवारी २००१ च्या शेवटी सेगाने डबे बनवणं बंद करत असल्याचं जाहीर केलं.

आणि सोनी? २००६ च्या ई-थ्रीमध्ये त्यांनी प्लेस्टेशन ३ ची किंमत सांगितली, ४९९ आणि ५९९ डॉलर. आत सेल नावाचा प्रोसेसर, एक मुख्य कोअर आणि भोवती मदतनीसांची फौज, प्रत्येकाची मेमरी वेगळी, डेटा कुठून कुठे न्यायचा ते प्रोग्रामरने बघायचं. जनक अर्थात कुतारागीच. कन्सोल हळूहळू सावरला, पण पहिली काही वर्षं दोन्हीकडे निघणारे गेम्स बऱ्याचदा एक्सबॉक्स ३६० वरच जास्त बरे चालायचे. पुढच्या खेपेला सोनीने मार्क सर्नी या जुन्या गेम प्रोग्रामरला आर्किटेक्ट नेमलं. त्याने आधी स्टुडिओंना जाऊन विचारलं, तुम्हाला काय हवंय? उत्तरं ऐकून प्लेस्टेशन ४ मध्ये सरळ पीसीच्या वळणाचा एएमडीचा प्रोसेसर बसवला. जून २०१३ च्या ई-थ्रीमध्ये त्याची किंमत जाहीर झाली, ३९९ डॉलर. समोरचा एक्सबॉक्स वन ४९९ ला होता.

फरक पुन्हा शंभराचाच. पण यावेळी मी आधी प्रोसेसरचं पान उघडून बघितलं.