लिली-रोझ

लिली-रोझ : फ्रेंच आणि इंग्रजी बोलणाऱ्या समाजांत मुलींना ठेवले जाणारे जोडनाव. लिली आणि रोझ म्हणजे गुलाब, या दोन फुलांची नावे मध्ये संयोगचिन्ह घालून जोडली की ते तयार होते. उच्चार दोन्ही भाषांत जवळपास सारखाच. फ्रेंच माणूस ‘र’ घशातून काढतो एवढाच फरक. ‘लिली’चे स्पेलिंग तीन-चार तऱ्हांनी करतात. काही घरी संयोगचिन्ह गाळतात, काही दोन्ही शब्द सलग लिहितात. बाळांच्या नावांच्या पुस्तकांत याचा अर्थ ‘निर्मळता आणि प्रेम’ असा सापडतो. तो खोटा नाही, पण फार वरवरचा आहे. या नावाचे दोन्ही भाग युरोपात व्यक्तिनाम म्हणून रुळले तेव्हा त्यांचा फुलांशी संबंध होताच असे नाही. फूल त्यांना पुढे येऊन चिकटले.

लिली हा शब्द लॅटिन ‘लिलियुम’वरून आला. ग्रीकमध्ये याच फुलाला ‘लेइरिओन’ म्हणत. दोन्ही शब्द पूर्व भूमध्य सागराच्या काठच्या कुठल्यातरी जुन्या भाषेतून आले असावेत आणि त्यांचे मूळ प्राचीन इजिप्तकडे जात असावे, असे बहुतेक अभ्यासक मानतात. ही झाली फुलाची कथा. मुलीच्या नावाची कथा वेगळी आहे. एलिझाबेथ हे बायबलमधले नाव युरोपभर पसरले आणि प्रत्येक भाषेत त्याची लाडकी रूपे झाली. लिली, लिली-बेट, लिलियन ही त्यांतलीच. जर्मन कवी गटे याची वाग्दत्त वधू ‘लिली’ म्हणून ओळखली जाते, पण तिचे खरे नाव आना एलिझाबेथ श्योनेमान. ब्रिटनच्या राणी दुसऱ्या एलिझाबेथ यांनाही घरी लिलिबेट म्हणत. एलिझाबेथ हे हिब्रू ‘एलिशेवा’चे रूप आहे आणि त्याच्या अर्थात ‘देव’ आणि ‘शपथ’ हे दोन शब्द येतात. फुलाचा मागमूसही नाही. मराठी वाचकाला लिली ऐकून लीला आठवते, अरबी लैलाही आठवते. पहिले नाव संस्कृत, दुसऱ्याचा संबंध रात्रीशी. दोघींचेही लिलीशी नाते नाही.

फूल आणि नाव यांचा घोटाळा किती मजेदार होऊ शकतो याचे उदाहरण लंडनमध्ये घडले. जर्सी बेटावर जन्मलेली लिली लँगट्री (1853–1929) ही लंडनच्या उच्चभ्रू वर्तुळातली गाजलेली सौंदर्यवती, पुढे नटी झाली. तिचे पाळण्यातले नाव एमिली शार्लट ल ब्रेतों. जॉन एव्हरेट मिले याने तिचे चित्र काढून 1878 मध्ये मांडले, त्याला ‘जर्सी लिली’ असे नाव दिले आणि तेच तिचे टोपणनाव होऊन बसले. चित्रात तिच्या हाती फूल आहे, पण ते शेजारच्या गर्न्झी बेटाच्या नावाने ओळखले जाणारे, कारण जर्सी लिली ऐनवेळी मिळाली नाही. ते गर्न्झी फूलही मूळचे दक्षिण आफ्रिकेचे आणि वनस्पतिशास्त्राच्या हिशेबात लिलीच्या कुळातले नव्हेच. म्हणजे लिली नाव नसलेली बाई लिली नसलेले फूल हाती धरून जगभर ‘लिली’ झाली.

आपल्याकडेही हेच आहे. दादरच्या फुलबाजारात लिलीच्या जुड्या मिळतात. लांब देठाच्या, टोकाकडे हिरवट, पांढऱ्या मिटलेल्या कळ्या. हारवाले त्या उकलण्याआधीच ओवतात. मराठीत या फुलाला लिली म्हणण्यावाचून दुसरा शब्द बाजारात ऐकू येत नाही. पण ती लिली अमॅरिलिसच्या कुळातली आहे. लिली-रोझ या नावात जी अभिप्रेत आहे ती ‘मॅडोना लिली’ : पांढरी, कर्ण्यासारखी, सुवासिक, कंदापासून येणारी. मेरीला येशूच्या जन्माची वार्ता सांगायला आलेल्या गॅब्रिएल देवदूताच्या हाती युरोपातल्या चित्रकारांनी शतकानुशतके हीच दिली. फ्लॉरेन्सच्या उफित्सी संग्रहालयातल्या लिओनार्दोच्या चित्रातही ती आहे. ‘निर्मळता’ हा अर्थ तिथून आला.

रोझची गोष्ट आणखी गमतीची. नॉर्मन लोकांनी 1066 नंतर इंग्लंडमध्ये जी स्त्रीनामे आणली त्यांत रोहेस, रोएस अशी रूपे होती. डूम्सडे बुक या 1086 च्या जमीनमोजणीच्या दप्तरात रिचर्ड फिट्झ गिल्बर्टची पत्नी रोहेस जमीनदारीण म्हणून नोंदलेली आहे. हे नाव जर्मानिक ‘ह्रोडोहाइडिस’चे झिजलेले रूप. ‘ह्रोड’ म्हणजे कीर्ती आणि ‘हाइड’ म्हणजे प्रकार, जात. थोडक्यात ‘कीर्तिवंत कुळातली’. हार्टफर्डशरमधले रॉयस्टन हे गाव अशाच एका रोएसबाईच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या क्रुसावरून नाव घेऊन बसले आहे. पुढे उच्चार झिजत झिजत ‘रोझ’पाशी आला, कानाला फुलाचे नाव वाटू लागला आणि जुना अर्थ कुणाच्या लक्षात राहिला नाही.

फुलाचा ‘रोझ’ मात्र मराठीला परका नाही. लॅटिन ‘रोझा’, ग्रीक ‘ऱ्होदोन’ आणि फारसी ‘गुल’ हे तिन्ही शब्द एकाच जुन्या इराणी मुळाशी जोडले जातात. गुल आणि आब मिळून गुलाबपाणी. त्या पाण्याचे नाव आपण फुलालाच दिले. गुलाब आणि रोझ ही अशी दूरची भावंडे. आपल्याकडे गुलाब हे नाव पुरुषालाही चालते, गुलाबराव घरोघरी आहेत; बायकांत गुलाबबाई, जसे तमाशा-लावणीतल्या गुलाबबाई संगमनेरकर. युरोपात मात्र रोझ हे निखळ स्त्रीनाम. कॅथलिक जगात त्याला बळ दिले पेरूच्या लिमा शहरातल्या संत रोझाने (1586–1617). तिचे बाप्तिस्म्याचे नाव इसाबेल, म्हणजे पुन्हा एलिझाबेथचेच स्पॅनिश रूप. गालांच्या रंगावरून घरचे तिला रोझा म्हणू लागले अशी आख्यायिका आहे. 1671 मध्ये तिला संतपद मिळाले. अमेरिका खंडांतली ती पहिली संत आणि फ्रान्सच्या दिनदर्शिकेत 23 ऑगस्ट हा रोझचा दिवस तिच्यामुळेच.

ही दोन फुले जोडीने येण्याची सवय नावाच्या फार आधीची आहे. बायबलमधल्या ‘गीतरत्न’ या प्रेमकाव्याच्या दुसऱ्या अध्यायातले पहिलेच वचन घ्या. प्रचलित इंग्रजी भाषांतरात तिथे शारोनचा गुलाब आणि खोऱ्यातली लिली शेजारीशेजारी येतात. मूळ हिब्रूतली फुले नेमकी तीच होती का, यावर वाद आहे. त्यातला ‘शोशना’ हा शब्द, ज्यावरून सुझन हे नाव आले, जुन्या हिब्रूत लिलीसारख्या फुलासाठी होता. आजच्या इस्रायलमध्ये रोजच्या बोलण्यात तोच गुलाबाला वापरतात. म्हणजे एकट्या सुझनच्या पोटात लिली आणि रोझ दोघी आहेत. चर्चने पुढे दोन्ही फुले मेरीला वाहिली. लोरेटोची लितनी या मेरीच्या प्रार्थनामालिकेत तिला ‘गूढ गुलाब’ म्हटले आहे आणि जपमाळेचे ‘रोझरी’ हे नाव गुलाबवाटिकेसाठीच्या लॅटिन शब्दावरून आले आहे.

राजकारणातही जोडी जमली. लिलीचे चिन्ह फ्रान्सच्या राजांचे, गुलाब इंग्लंडच्या. तिसऱ्या एडवर्डने 1340 मध्ये फ्रान्सच्या गादीवर हक्क सांगून आपल्या ढालीवर फ्रेंच लिली चढवली, ती 1801 पर्यंत उतरली नाही. दरम्यान लँकेस्टरचा लाल आणि यॉर्कचा पांढरा गुलाब एकत्र करून ट्यूडर गुलाब तयार झाला होता. (राजचिन्हातली लिली म्हणजे खरे तर पिवळी आयरिस असावी, असे अनेक वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणतात. लिलीच्या वाट्याला हे सारखे येते.) फ्रान्समध्ये पिएर-जोझेफ रदूते या चित्रकाराने आधी ‘ले लिलियासे’ (1802–1816) आणि मग ‘ले रोझ’ (1817–1824) असे फुलांच्या चित्रांचे दोन मोठे ग्रंथ काढले. त्याला आश्रय देणारी सम्राज्ञी जोझेफिन, तिचेही पूर्ण नाव मारी जोझेफ रोझ. नेपोलियन भेटेपर्यंत सगळे तिला रोझच म्हणत.

दोन फुले आणि लहान मुली यांची गाठ डोळ्यांसमोर आणायची तर लंडनच्या टेट संग्रहालयातले जॉन सिंगर सार्जंटचे ‘कार्नेशन, लिली, लिली, रोझ’ (1885–86) हे चित्र पाहावे. वूस्टरशरमधल्या ब्रॉडवे गावातल्या बागेत पांढरे झगे घातलेल्या दोन मुली कागदी कंदील पेटवताहेत. मागे त्यांच्या डोक्यांहून उंच वाढलेल्या लिली, पायांशी गवत, मधूनमधून गुलाब. मुलींचे चेहरे कंदिलाच्या उजेडाने उजळलेले आणि बाकी सगळ्यावर सांजेचा जांभळट रंग. तो रंग दिवसातून काही मिनिटेच टिकायचा, म्हणून सार्जंट रोज संध्याकाळी तेवढाच वेळ ब्रश चालवी. शरद सरत आला, फुले सुकली, तेव्हा त्याने कृत्रिम फुले लावून काम पुढे नेले. चित्राचे शीर्षक तेव्हाच्या एका लोकप्रिय गाण्यातले.

त्या काळी इंग्लंडमध्ये फुलांच्या नावांची लाटच आली होती. लिली, रोझ, डेझी, व्हायोलेट, आयव्ही, पॉपी. प्रत्येक फुलाला एकेक भावना वाटून देणारी ‘फुलांची भाषा’ 1819 च्या एका फ्रेंच पुस्तकापासून लोकप्रिय झाली होती आणि केट ग्रीनअवेच्या 1884 च्या सचित्र पुस्तिकेने ती इंग्रजी घराघरांत नेली. आजच्या ‘नावाचा अर्थ’ सांगणाऱ्या याद्या बऱ्याच अंशी या भाषेच्याच वारसदार आहेत. म्हणून त्यांवर फार विसंबू नये.

उरले ते संयोगचिन्ह, आणि नावाचा खरा फ्रेंचपणा त्यातच आहे. मारी-रोझ, रोझ-मारी, आन-मारी, झाँ-लुक अशी जोडनावे फ्रान्समध्ये जुनी. दोन शब्द मिळून एकच नाव. त्यातला एकच उच्चारून हाक मारणे चूक मानतात. (इंग्रजी रोझमेरी मात्र या पंक्तीतले नव्हे. ते एका सुगंधी झुडपाचे नाव आहे, लॅटिन ‘रोस मारिनुस’, म्हणजे समुद्राचे दव. मेरीचा आभास मागाहूनचा.) पण आईबापांना हवी ती नावे जोडायला मोकळीक नव्हती. 1 एप्रिल 1803 च्या कायद्याने दिनदर्शिकांतली आणि प्राचीन इतिहासातली नावेच ठेवता येत. 1966 च्या शासकीय सूचनेने लाडकी रूपे, परकी नावे आणि जोडनावे यांना थोडी जागा दिली आणि 8 जानेवारी 1993 च्या कायद्याने निवड पालकांवर सोपवली. आता नोंदणी अधिकारी फार तर बाळाच्या हिताला बाधक नावाची खबर सरकारी वकिलाला देऊ शकतो.

यानंतर सहा वर्षांनी, 27 मे 1999 रोजी, पॅरिसला लागून असलेल्या नयी-स्यूर-सेन येथे गायिका-अभिनेत्री व्हानेसा पारादी आणि अमेरिकन नट जॉनी डेप यांना मुलगी झाली. तिचे नाव लिली-रोझ. या नावाला प्रसिद्धी मिळाली ती तिथून. पुढे लिली-रोझ डेप स्वतः अभिनयात आली. ‘ला दान्सूझ’ (2016) मध्ये ती नर्तकी इझाडोरा डंकन होती, ‘नोस्फेरातू’ (2024) मध्ये नायिका. जाता जाता : आईचे व्हानेसा हे नाव जोनाथन स्विफ्टने एका कवितेसाठी घडवलेले आणि 1807 पासून ते फुलपाखरांच्या एका प्रजातीचेही नाव आहे. फुलपाखराच्या घरी दोन फुले जन्माला आली, हा योगायोग कुणी ठरवून जमवला नसेल तर फारच छान.

ब्रिटनमध्ये लिली-रोझच्या जोडीला लिली-मे, डेझी-मे, एला-रोझ अशा बहिणी आल्या. तिथे नावांवर फ्रान्ससारखा कायदा कधी नव्हता, त्यामुळे हे नुसते फॅशनचे काम. काही इंग्रज मंडळी अशा जोडनावांना नाके मुरडतात. त्यात नावापेक्षा वर्गभेदच जास्त बोलतो. अमेरिकेच्या सामाजिक सुरक्षा प्रशासनाच्या यादीत संयोगचिन्हे आणि मोकळ्या जागा काढून टाकतात, म्हणून तिथे लिली-रोझ, लिली रोझ आणि लिलीरोझ एकाच नोंदीत मोजल्या जातात. ब्रिटिश यादीत त्या वेगवेगळ्या. दोन देशांचे क्रमांक शेजारी ठेवून तुलना करण्यात म्हणूनच हशील नाही.

गोवा आणि वसईच्या ख्रिस्ती घरांत लिली, रोझी, रोझलीन ही नावे ओळखीची आहेत. रोझारिओ हे आडनाव आणि जुन्या गोव्यातले रोझरी मातेचे 16व्या शतकातले चर्च दोन्ही त्याच गुलाबवाटिकेतले. पण पोर्तुगीज वळणात जोडनाव मोकळे लिहितात, रोझा मारिया असे. मध्ये संयोगचिन्ह येत नाही. हिंदू मराठी घरांत जाई-जुई ही जोडी आहे, मात्र ती दोन बहिणींत, विशेषतः जुळ्यांत, वाटली जाते. एकीलाच दोन फुले देण्याची चाल नाही.

परदेशातल्या मराठी पालकांनी हे नाव ठेवायचे ठरवले, तर जन्मनोंदीत संयोगचिन्ह न विसरता घालावे. फ्रान्समध्ये स्वल्पविराम देऊन लिहिलेले ‘रोझ’ दुसरे, वेगळे नाव धरले जाते. पासपोर्टवर त्या चिन्हाचा भरवसा धरू नये. पासपोर्टच्या तळाशी यंत्राने वाचायच्या दोन ओळी असतात. आंतरराष्ट्रीय नियमांप्रमाणे त्यांत संयोगचिन्ह छापत नाहीत, त्याजागी मोकळ्या जागेला वापरतात तीच टोकदार खूण येते.